कारण सापडलं नाही

'आधीच्या दोन्ही खेपांना कंबरदुखीचं कारण सापडलं नसल्याची नोंद आहे. त्यामुळे तपासण्या पुन्हा केल्या नाहीत.' डिस्चार्जच्या कागदावरचं हे वाक्य नेव्हिल मेडविननं वाचलं आणि नेहमीसारखा पुढच्या ओळीवर जायच्या ऐवजी तो तिथंच अडकला. तसं पाहिलं तर वाक्यात खोट काढण्यासारखं काही नव्हतं. असली वाक्यं तो दिवसातून चाळीस वेळा वाचायचा. पण 'नोंद आहे' म्हणजे नोंद केली कुणी? पेशंट तातडीच्या विभागात आला की डॉक्टरच्या पडद्यावर आधी उघडतं ते एक पान, आणि त्या पानावर जुन्या खेपा एकेका ओळीत दिसतात. तारीख, आणि तारखेपुढं आजाराचं नाव. ते नाव डॉक्टर टाइप करत नाही. ते येतं आकड्यावरून, आणि आकडा टाकतो तो, नेव्हिल, या खुर्चीत बसून. म्हणजे डॉक्टरनं त्याचा आकडा वाचला होता, त्यावरून काय ते ठरवलं होतं, आणि आता डॉक्टरनं लिहिलेलं वाचून त्यानं तोच आकडा तिसऱ्यांदा टाकायचा होता. त्याला एकदम थकल्यासारखं झालं. सकाळचे सव्वानऊ वाजले होते, थकावं असं अजून काही झालंही नव्हतं. त्यानं खुर्चीतल्या उशीची जागा बदलली, डावा पाय पुढं घेतला, उजवा मागं घेतला, आणि पडद्यावरचं नाव पुन्हा पाहिलं. ग्लेनिस ब्रॅमिच, वय एकसष्ट, काम कांद्याच्या पॅकिंग शेडमध्ये.

हॉस्पिटलच्या धुलाईघराच्या मागं पत्र्याची एक लांब खोली होती, तिच्यात हे सगळं चालायचं. बास सामुद्रधुनीवरून वारा आला की पत्रा कुरकुरायचा आणि धुतलेल्या चादरींचा गरम वास आत यायचा. नेव्हिलला तो वास बावीस वर्षं पुरला होता. माणूस बरा होऊन घरी गेला, किंवा बरा न होता गेला, किंवा गेलाच, की त्याचे कागद इथं येत. मग त्याच्या एकेका दुखण्याला ठरलेला आकडा लावायचा. ते आकडे होबार्टला जात, तिथून कॅनबेराला जात, आणि टास्मानियाच्या या किनाऱ्यावरच्या पोर्ट लिंडन गावात यंदा किती जणांची फुप्फुसं गेली आणि किती जण शिडीवरून पडले ते सरकारला कळे. लोकांना वाटतं हे काम म्हणजे कारकुनी. असेलही. पण या कामातली एक गोष्ट बाहेर कुणाला ठाऊक नसते. डॉक्टर आपला कागद वाचतो, नर्स आपला, फिजिओ आपला. पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत सगळं वाचणारा माणूस अख्ख्या हॉस्पिटलात एकच, आणि तो वाचायला बसतो तेव्हा पेशंट घरी पोचून चहा घेत असतो. निदान वाचायचं असतं सगळं. महिनाअखेर जवळ आली की पहिलं पान वाचून आकडा टाकतात, हेही खरंच. त्याला कुणी चोरी म्हणत नाही, पण सांगत कुणी नाही.

कंबरदुखी, कारण अज्ञात. एम चोपन्न पॉइंट पाच. हा आकडा टाकताना नेव्हिलची बोटं कधी अडखळली नव्हती. त्याचा स्वतःचा आकडा होता तो. छत्तीस वर्षांचा असताना, याच हॉस्पिटलात वॉर्डात उचल-ठेव करायच्या कामावर असताना, न्हाणीघरात घसरणाऱ्या एका जाड्या म्हाताऱ्याला त्यानं काखेत धरलं. म्हातारा वाचला, हसला, 'धन्य आहेस रे पोरा' म्हणाला, आणि नेव्हिल जो खाली वाकला तो तीन आठवडे सरळ झाला नाही. एक्स-रे झाला, मोठं स्कॅन झालं, काही निघालं नाही. पुन्हा स्कॅन झालं, पुन्हा काही नाही. मग विमा कंपनीनं लॉन्सेस्टनच्या एका डॉक्टरकडं पाठवलं. त्या गृहस्थानं बोलता बोलता पेन खाली पाडलं आणि म्हणाला, देता का जरा उचलून. नेव्हिलनं उचलून दिलं. दुसऱ्याचं पडलेलं पेन उचलून द्यायचं, एवढंच त्याला आईनं शिकवलं होतं. अहवालात लिहिलं होतं: विनासायास वाकतो. त्या दिवशी गाडीपर्यंत तो कसा पोचला आणि घरापर्यंतचा रस्ता दात आवळून कसा काढला, हे कुठल्याच अहवालात नव्हतं. बाप कागदाच्या गिरणीत चाळीस वर्षं राबलेला. तो म्हणाला, "पाठ सगळ्यांचीच दुखते, नेव. काही लोक सांगत नाहीत." बायको मार्लीन सुरुवातीला बापावर चिडली, डॉक्टरवर चिडली, विमावाल्यांना तिनं स्वतः पत्रं लिहिली. दोन वर्षांनी ती चिडायची थांबली. एका रविवारी भांडी पुसताना शांतपणे म्हणाली, "नेव, एवढ्या लोकांनी पाहिलं. काही असतं तर सापडलं नसतं का रे?" भांडण नव्हतं, टोमणा नव्हता, तिला खरंच विचारायचं होतं. आता ती क्वीन्सलंडला बहिणीकडं असते. हिवाळ्यापुरती म्हणून गेली होती, त्याला आठ हिवाळे झाले.

आणि मेलं हेच खरं दुखणं होतं, की पुढं पुढं त्यालाही तसंच वाटू लागलं. सकाळी पलंगाच्या कडेला बसून तो आपल्याच कमरेत मन घालून शोधायचा, खरंच आहे का दुखणं, की आपणच धरून बसलोय. दुखायचं. पण दुखतंय हे कळणारा आणि खरंच का रे म्हणून विचारणारा असे दोघे आत बसले की दुसराच जिंकतो. तशात हॉस्पिटलनं त्याला वॉर्डातून काढून या पत्र्याच्या खोलीत बसवलं, शिकवलं, परीक्षा घेतल्या, आणि पहिल्याच महिन्यात त्याला तो आकडा भेटला. कारण अज्ञात. शिक्षिका म्हणाली होती की हा अगदी साधा आकडा, त्यात डोकं घालण्यासारखं काही नाही. पण नेव्हिलला त्या वेळी रडू येईल असं वाटलं होतं. म्हणजे हे असतं. नुसतं दुखणं, कारणाशिवायचं, पुस्तकात छापलेलं, जगभरच्या लोकांचं. त्याच पुस्तकात पुढं सोंग करणाऱ्यांसाठीही एक आकडा होता, आणि एखाद्या डॉक्टरनं तसं सूचित केलं तर तो टाकायला हात शिवशिवणारी माणसं त्या काळी होती. नेव्हिलनं मनाशी ठरवलं की आपल्या हातून कुणाच्या पाठीवर तो आकडा पडणार नाही. आणखी एक ठरवलं की कंबरदुखीवाल्यांना छळायचं नाही. इतर आजारांत काही अर्धवट वाटलं तर तो डॉक्टरला हटकून विचारणा धाडायचा, कंबरेच्या बाबतीत कधी नाही. ज्याचं जळतं त्याला कळतं. उगाच उकरलं की पुन्हा स्कॅन, पुन्हा पेन, पुन्हा कुणीतरी खिडकीतून बघणार की गाडीपर्यंत कसा चालतो. त्यापेक्षा त्यांना त्या आकड्याच्या आडोशाला बसू दे निवांत. बावीस वर्षं तो याला दया समजत आला होता.

ग्लेनिस ब्रॅमिचची पहिली खेप मार्चमधली, दुसरी मेच्या शेवटची, ही ऑगस्टमधली. दुसरी खेप त्याला आठवली. महिनाअखेर होती, शेजारच्या टेबलावरची केली-ऍन बाळंतपणाच्या रजेवर होती, आणि वॉर्डातल्या नर्सच्या नोंदी सत्तावीस पानं होत्या. वरच्या कागदावर कंबरदुखी होती, डॉक्टरची सही होती. मधेच कुठंतरी घामाचं काहीतरी दिसल्यासारखं वाटलं होतं, आणि विचारणा धाडावी का असंही क्षणभर मनात आलं होतं. मग त्याच्या मनात नेहमीचंच आलं: राहू दे बिचारीला. आकडा टाकला आणि जेवायला उठून गेला. त्या दिवशी कॅन्टीनला करी घातलेली शिंपल्यांची पाई होती, हे सुद्धा आठवलं. माणसाला नको तेवढं आठवतं.

आता त्यानं तिन्ही खेपांचे कागद शेजारी शेजारी उघडले आणि पहिल्या पानापासून वाचायला सुरुवात केली. घाई केली नाही. औषधाचं प्रमाण ठरवायला नर्स दाखल होताना वजन घेते, ते प्रत्येक खेपेच्या चौथ्या पानावर असतं. मार्चमध्ये एकाहत्तर किलो. मेमध्ये सहासष्ट. ऑगस्टमध्ये साठ. तीन वेगळ्या नर्सनी तीन वेगळ्या चौकटींत लिहिलेलं, प्रत्येकीचं आपापल्या जागी बरोबर. तीन आकडे एका ओळीत कुणी मांडलेच नव्हते. मेच्या सत्तावीस पानांत एकोणिसाव्या पानावर होतं: घामानं नाइटी दोनदा बदलली. ऑगस्टमध्ये चादरही बदलली. आणखी एका नर्सनं लिहिलं होतं, पेशंट म्हणते की झोपल्यावर जास्त दुखतं, खुर्चीत बसून रात्र काढते. मार्चमध्ये साधा एक्स-रे झाला होता, त्यानंतर काहीच नाही. आणि ऑगस्टच्या डॉक्टरच्या कागदावर, त्या वाक्याच्या खाली, आणखी एक वाक्य: पेशंट तीव्र वेदनाशामक गोळ्यांची वारंवार मागणी करते. घरचा डॉक्टर कोण, या रकान्यात होतं: नाही. गावातला दवाखाना गेल्या वर्षी बंद पडला होता, नवा डॉक्टर यायला तयार नव्हता. म्हणजे हा कागद कुणाकडं जाणारच नव्हता. या बाईबद्दल आज या जगात एकाच माणसाला हे सगळं एकत्र ठाऊक होतं, आणि त्या माणसाला काही ठाऊक असण्याचा अधिकार नव्हता.

नियम स्पष्ट होता. लिहिलेलं असेल त्याचाच आकडा टाकायचा. लिहिलेलं नसेल पण डोळ्यांना दिसत असेल तर डॉक्टरला विचारायचं, आणि विचारताना उत्तर सुचवायचं नाही. 'हे अमुक तर नसेल ना' असं लिहिणं म्हणजे मोठा गुन्हा, त्यावर तपासनीस लाल शेरा मारतात. आणि एकाच बाईच्या तीन खेपांचे कागद असे शेजारी लावून बघायलाही खरं तर मनाई होती, प्रत्येक खेप स्वतंत्र. नेव्हिल नाकासमोर चालणारा माणूस. त्यानं विचारणेचा फॉर्म उघडला आणि नियमानं लिहिलं: 'पेशंटच्या वजनाच्या व घामाच्या नर्सिंग नोंदी पाहता, कंबरदुखीचं कारण निश्चित झालं आहे का, याचा कृपया खुलासा करावा.' अर्धा तास लागला एवढं लिहायला. उत्तर दहा मिनिटांत आलं. डॉक्टर ओंग, वॉर्ड तीन. 'नाही. नोंद केल्याप्रमाणे.'

तो खोलीच्या टोकाला प्रू हार्टनेटच्या टेबलाशी गेला. प्रू त्यांची मुख्य. वयानं त्याच्याहून दहा वर्षांनी लहान, पण कामात पक्की, आणि माणूस म्हणून वाईट नाही. तिनं सगळं ऐकून घेतलं, चष्मा काढून डोळे चोळले. आकडा तोच टाकायचा हे तिला माहीत होतं, त्यालाही माहीत होतं. ती म्हणाली की गुणवत्ता समितीला चिठ्ठी लिही, समिती दर सहा आठवड्यांनी बसते. सहा आठवड्यांत किती किलो, असं त्याच्या तोंडावर आलं होतं. प्रूनं ते ओळखलं असावं.

"नेव, आपण डॉक्टर नाही," ती म्हणाली. "गेल्या वर्षी डेव्हनपोर्टच्या हॉस्पिटलातली आपल्यासारखीच एक बाई थेट पेशंटला फोन करून बसली. हात दाखवून अवलक्षण. दुसऱ्या दिवशी तिचं टेबल रिकामं. तुला तीन वर्षं राहिलीत रे. नीट काढ ती."

तो चिठ्ठी लिहितो म्हणाला. लिहिलीही. मग जेवणाच्या सुट्टीत, बावीस वर्षांत पहिल्यांदा, तो कामासाठी म्हणून वॉर्डात गेला. जिना चढताना कंबरेनं आपलं म्हणणं मांडलंच. तिसऱ्या वॉर्डाबाहेर, पैसे टाकून चॉकलेट देणाऱ्या यंत्रासमोर डॉक्टर ओंग उभी होती. गळ्यातल्या बिल्ल्यावरून कळलं. पोरगीच होती, सव्वीस-सत्तावीसची, केस कसेतरी बांधलेले, डोळ्यांखाली काळं. यंत्रात चॉकलेट अडकलं होतं आणि ती त्याच्याकडं बघत नुसती उभी होती. नेव्हिलनं यंत्राला कुठं ढकलायचं ते दाखवलं, जुन्या वॉर्डवाल्याला असल्या गोष्टी ठाऊक असतात. चॉकलेट पडलं. तिनं आभार मानले. मग त्यानं आपण कोण ते सांगितलं, आणि तिचा चेहरा बंद झाला.

"ती विचारणा तुमची का? उत्तर दिलं मी."

त्यानं वजनांचं सांगितलं. एवढंच, तीन आकडे. तिनं ऐकलं, नाही असं नाही. पण अकरा तासांच्या पाळीतल्या दहाव्या तासाला माणूस जसं ऐकतो तसं. म्हणाली की वजन वेगवेगळ्या काट्यांवर वेगळं येतं, बाई एकटी राहते, धड खात नसेल, आणि गोळ्यांसाठी येणारी माणसं या भागात कमी नाहीत. तरी मी जुनं बघितलं, ती म्हणाली. मी बघितलं हो. दोन्ही वेळेला कारण नाही असं तुमच्याकडूनच आलंय ना?

"नाही असं नाही," नेव्हिल म्हणाला. "सापडलं नाही असं."

"फरक काय?" तिनं विचारलं, आणि तिचा पेजर वाजला. ती चॉकलेट खिशात कोंबत आत गेली. वाईट मुलगी नव्हती. मार्लीननं भांडी पुसताना विचारलं होतं तसंच तिनं विचारलं होतं, उत्तर हवं म्हणून.

खुर्चीत परत येऊन बसल्यावर नेव्हिलला काही सुचेना. पडद्यावर रिकामी चौकट लुकलुकत होती, एम चोपन्न टाकला की पुढची बाई, पुढचा बाप्या. आपण कुणाला आडोसा देत होतो की भिंत बांधत होतो, हे त्यानं स्वतःला विचारलं आणि ते विचारणंच त्याला नाटकी वाटलं, म्हणून त्यानं सोडून दिलं. पण मनातला हिशेब थांबेना. बावीस वर्षांत त्या आकड्याचे किती जण गेले असतील हातून? दीड हजार? दोन? त्यातले बहुतेक त्याच्यासारखेच, दुखणारे आणि जगणारे. पण त्यात कुणी ग्लेनिस ब्रॅमिच आणखी असतील का? आपल्याला कुणी उकरू नये असं आपल्याला वाटत होतं, म्हणून यांनाही कुणी उकरू नये असं आपण धरून चाललो. अरे, पण यांना उकरलेलं हवं असेल तर? ती बाई साठ किलोची होईपर्यंत तीनदा आली ती काय निवांत बसायला? आणि मग, याची त्याला खरंच लाज वाटली, या सगळ्याच्या खालून एक वेगळीच कळ आली. हेव्याची. हिच्या पाठीत काहीतरी असेल. उद्या कुणीतरी बोट ठेवून म्हणेल, हे बघा, इथं आहे. हिचे शेजारी, शेडमधल्या बायका, सगळे म्हणतील, बिचारी, खरंच होतं हो. आपल्याला ते कुणी कधी म्हणणार नाही. मरणाच्या दारात असेल कदाचित ती बाई आणि आपण तिचा हेवा करतोय. त्यानं दोन्ही हातांनी तोंड पुसलं. शेजारी केली-ऍन बाळाचे फोटो बघत सँडविच खात होती. तिनं विचारलं, बरं वाटतंय ना, नेव? तो म्हणाला, पाठ. ती म्हणाली, हो रे, हवाच तशी आहे.

फोन त्यानं टेबलावरचाच वापरला. हॉस्पिटलचा नंबर बाहेर दिसत नाही, समोरच्याला फक्त 'अनोळखी' असं येतं, हे त्याला ठाऊक होतं. केली-ऍन आणि प्रू बाहेर उन्हात उभ्या होत्या, सुट्टी संपायला बारा मिनिटं होती. सांगायचं आणि ठेवायचं, आपलं नाव सांगायचं नाही, असं त्यानं ठरवलं होतं. पलीकडं सात वेळा वाजलं. मग एक दमलेला, जरासा खरखरीत आवाज आला. त्यानं हॉस्पिटलमधून बोलतोय असं सांगितलं.

"पुन्हा ती चौकशी का?" ग्लेनिस ब्रॅमिच म्हणाली. "जेवण कसं होतं, उशी कशी होती? लिहून टाका सगळं छान. जेली तेवढी पाणचट होती."

"नाही, ते नाही. तुम्ही बसलात का?"

"मी बसलेलीच असते. आडवं होता येत नाही. डॉक्टर का तुम्ही?"

"नाही."

"नर्स?"

"नाही. मी कागद वाचतो."

"माझे?"

"सगळ्यांचे."

तिच्या मागं रेडिओवर घोड्यांच्या शर्यती चालल्या होत्या, तो तिनं बंद केला. मग तिनं विचारलं, आणि हा प्रश्न तिनं फार दिवस धरून ठेवलेला असावा, कारण विचारताना तिचा आवाज एकदम लहान झाला.

"त्यात असं लिहिलंय का हो, की ही बाई सोंग करते?"

नेव्हिलनं डोळे मिटले. कुणी एकदा त्यालाही हे विचारू दिलं असतं तर. "नाही," तो म्हणाला. "कारण सापडलं नाही असं लिहिलंय."

"तेच ते."

"तेच नाही, बाई. ते मी लिहिलंय. मला नक्की ठाऊक आहे की ते तेच नाही. सापडलं नाही, कारण मार्चनंतर कुणी शोधलंच नाही. आणि मी एकदा विचारायला हवं होतं ते विचारलं नाही. कागद-पेन आहे का जवळ?"

होतं. त्यानं तिला तिन्ही तारखा सांगितल्या आणि तिन्ही वजनं सांगितली. घामाचं सांगितलं, झोपल्यावर दुखतं ते सांगितलं, सगळं तिचंच, फक्त एका ओळीत. आपल्याला काय वाटतं ते तो बोलला नाही. त्याला काही वाटत असलं तरी खरंच ठाऊक नव्हतं. इथं येऊ नका, तो म्हणाला, आजच कुणाला तरी गाडी चालवायला सांगा आणि लॉन्सेस्टनला जा, हा कागद त्यांच्या हातात द्या, स्कॅन झालेलं नाही हे सांगा, आणि कुणी घरी जा म्हणालं तर उठू नका. ती म्हणाली की पॅन्टच्या पट्ट्याला खिळ्यानं दोन नवी भोकं पाडली होती, आणि शेडमधल्या बायका म्हणत होत्या, नशीबवान आहेस, आम्हाला सांग काय खातेस. मग ती थोडी हसली, आणि हसताना दुखलं असावं.

"पण ते विचारतील ना," ती म्हणाली, "की हे तुला सांगितलं कुणी. फोनवर एक माणूस बोलला म्हणू? गोळ्यांसाठी काय काय रचते बघा म्हणतील. हसून घालवतील हो मला. गेल्या वेळी घालवलंच की."

बाहेर प्रू दाराकडं वळली होती. खोलीच्या खिडकीतून तिचा निळा स्वेटर दिसत होता. नेव्हिलला तिचं म्हणणं आठवलं, तीन वर्षं, नीट काढ. त्याला हेही कळत होतं की ग्लेनिस ब्रॅमिचचं म्हणणं अगदी खरं आहे. नाव नसलेल्या माणसाचं कोण ऐकतं? नाव नसलेल्या दुखण्याचं तरी कोण ऐकतं? तो घाबरला होता, चांगलाच घाबरला होता, आणि तरी त्याला आश्चर्य वाटलं की आवाज नीट निघाला.

"नेव्हिल मेडविन," तो म्हणाला. "पोर्ट लिंडनच्या हॉस्पिटलात कागद लावतो. लिहा. मेडविन. त्यांना म्हणावं, खात्री करायची तर मला फोन करा."

ती लिहीत होती. पेन्सिल कागदावर घासल्याचं ऐकू येत होतं. दार उघडलं, वारा आत आला, प्रू आत आली आणि त्याच्या हातातल्या फोनकडं बघत जागच्या जागी उभी राहिली.

"तुमचं काही वाकडं तर होणार नाही ना यात?" ग्लेनिसनं विचारलं.

"ते राहू द्या," नेव्हिल म्हणाला. त्याचे डोळे प्रूच्या डोळ्यांवरून हलले नाहीत. "लिहिलेलं एकदा वाचून दाखवा मला. चुकायला नको."

"मार्च, एकाहत्तर," ती वाचू लागली, शाळेतल्या मुलीसारखं, एकेक शब्द. "मे, सहासष्ट. ऑगस्ट..." आणि तिथं ती थांबली. हे आकडे तिनं आजवर असे एकाखाली एक कधी पाहिले नव्हते.

"साठ," नेव्हिल म्हणाला.

पलीकडं पेन्सिल पुन्हा एकदा कागदावर घासली. प्रू हातानं विचारत होती, कोण आहे, कुणाशी बोलतोयस. नेव्हिलनं मान हलवली आणि फोन कानाशी तसाच धरून ठेवला.